डाव्या हाताचा नान

देवाजी उंदिरवाडेच्या उजव्या हाताची चंद्रपूरच्या ऊर्जानगर वसाहतीत ख्याती होती. तो वीज केंद्रात फिटर होता. पंपावर नुसता तळवा टेकवून आतलं बेअरिंग बिघडलंय की नाही हे तो सांगायचा. गंजून बसलेला नट कुणाच्यानंच हलला नाही, की "देवाजीले बोलवा" अशी हाक व्हायची. अठ्ठ्याऐंशी सालच्या होळीनंतर तो हात कामातून गेला. सुटीत तो गावी चालला होता. सिंदेवाही स्टेशनाहून सायकलने घरी जाताना समोरून उधळलेली बैलजोडी आली. त्याने सायकल बाजूला घातली, ती पुलावरून थेट खाली नाल्यात. कोपराचा चुरा झाला. दवाखान्यात हाड जुळलं, पण आतली नस दुखावली होती. प्लास्टर निघालं तेव्हा मनगट खाली लोंबत होतं आणि बोटं उघडत नव्हती.

"नस सुटेल तर सुटेल," डॉक्टर म्हणाले. "घाई करू नका."

घाई करण्यासारखं देवाजीपाशी काही उरलंच नव्हतं. तो क्वार्टरच्या मागच्या पडवीत बसून राहायचा. कंपनीची बस सकाळी ड्यूटीवाल्यांना घेऊन गेली की तिच्या आवाजाकडे कान लावायचा आणि मग दिवसभर गप्प. सोबतचे लोक आधी रोज यायचे, मग आठवड्याने, मग रस्त्यात वच्छलाबाई भेटल्या तर तिथंच विचारून मोकळे व्हायचे.

वच्छला त्याची बायको. लग्नाला तीन वर्षं झाली होती. ती जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवायची आणि रोज साडेनऊच्या एसटीने वीस किलोमीटरवरच्या खेड्यात जाऊन सहाला परतायची. माहेर वरोऱ्याकडचं, म्हणजे भाकरी-पोळीच्या मुलखातलं. देवाजी धानाच्या मुलखातला. त्याच्या घरी सकाळी भात, दुपारी भात, संध्याकाळी भात. लग्न झाल्यावर पहिल्या आठवड्यातच तो तिला म्हणाला होता, "तू पोळी चावेपर्यंत माहं जेवण होऊन झोपही होते." तीही हसली होती. तिने आपल्यापुरत्या दोन पोळ्या लाटायच्या आणि त्याच्यासाठी भात टाकायचा, असं ठरून गेलं होतं.

अपघातानंतर त्या दोन पोळ्या बंद झाल्या. त्याची आंघोळ, कपडे, शर्टाची बटणं, दवाखाना, शेक, आणि वरून शाळा. सकाळी तिने एकच पातेलं भात चढवायचा आणि त्यातलाच गार भात डब्यात भरून न्यायचा. तिने त्याबद्दल कधी चकार शब्द काढला नाही. देवाजीचंही तिकडे लक्ष असेल, असं तिला वाटलं नव्हतं.

जुलैतल्या एका संध्याकाळी ती घरी आली तेव्हा दार नुसतं लोटलेलं होतं. आत पाऊल टाकलं आणि ती तिथंच थांबली. स्वयंपाकघरभर पीठ. मधोमध देवाजी मांडी घालून बसला होता, समोर तिचा माहेरचा पोळपाट. डाव्या हाताने तो लाटणं रेटत होता. लाटणं एकीकडून दाबलं की दुसरीकडून उचलायचं, पोळपाट गर्रकन फिरायचा आणि कणकेचा गोळा कडेला जाऊन चिकटायचा. उजव्या कोपराने पोळपाट दाबून धरायला गेला, तर कळ आली असावी. त्याने ओठ आवळले.

दिवसभर उभं राहून तिचे पाय भरून आले होते. एसटी नाल्यापाशी पाऊण तास खोळंबली होती. पीठ महिनाअखेरपर्यंत पुरवायचं होतं.

"काय करून राह्यले जी हे?" ती म्हणाली. "राहू द्या न. तुमच्यानं नाई होत हे."

देवाजीने लाटणं खाली ठेवलं. उठून पडवीत गेला आणि पाठ करून बसला.

वच्छला फरशी पुसायला बसली आणि पुसता पुसता तिच्या लक्षात आलं, की गोळे चारच होते. त्याला पोळी आवडत नाही. ते चारही तिच्यासाठी होते. हातातलं फडकं तसंच राहिलं. उठून जावं, काहीतरी बोलावं असं तिला फार वाटलं, पण तोंडातून गेलेलं परत कसं घ्यायचं ते तिला सुचेना. रात्री दोघांनी भात खाल्ला.

शेजारच्या क्वार्टरात मुश्ताक आणि त्याची बायको कनीज राहत. मुश्ताक वीज केंद्रात वायरमन होता. कनीज चंद्रपूरचीच, गुलाम रसूल तंदूरवाल्याची मुलगी. लहानपणापासून बापाच्या दुकानात भट्टीसमोर वाढलेली. मधल्या बुटक्या भिंतीवरून तिला सगळं दिसायचं, आणि जे दिसायचं ते पोटात ठेवायची तिला सवय नव्हती. त्या संध्याकाळचंही तिने पाहिलं असणार. वच्छलाला मात्र ती काही बोलली नाही.

पुढच्या दोन-तीन आठवड्यांत वच्छलाला घरात काहीबाही चुकल्यासारखं वाटू लागलं. दह्याचं विरजण लावलं तर संध्याकाळी वाडगा धुतलेला. फळीवर खायच्या सोड्याची पुडी, जी तिने आणलेली नव्हती. रेशनचा मैदा कमी झालेला. देवाजीच्या डाव्या मनगटावर एक भाजल्याचा डाग. "शेगडीपाशी गेलो होतो, चहा करून राह्यलो होतो," तो म्हणाला. तिने खोबरेल लावून दिलं आणि पुढं विचारलं नाही. एक दिवस पडवीत तिला लाकडी फळी दिसली. तिच्यावर सायकलची जुनी ट्यूब गोल करून खिळ्यांनी ठोकलेली. हे काय म्हणून तिने उचलून पाहिलं, तर देवाजीने ती घाईघाईने हातातून घेतली.

"कामाची आहे," एवढंच म्हणाला. पण बरेच दिवसांनी त्याच्या आवाजात कामाची धार होती.

ऑगस्टच्या अखेरीला एका दिवशी शाळेच्या वाटेवरचा नाला चढला आणि एसटी अर्ध्या रस्त्यातून परत फिरली. वच्छला दुपारी एक वाजताच घरी आली. मागच्या बाजूने बोलण्याचा आवाज येत होता म्हणून ती क्वार्टरला वळसा घालून गेली आणि न्हाणीच्या कोपऱ्याशी थबकली.

पडवीत कोळशाची शेगडी फुललेली होती. गॅसचा नंबर अजून लागायचा होता, आणि चंद्रपुरात कोळशाला काय तोटा! शेगडीच्या कडेवर दोन जाड सळ्या वाकवून आडव्या बसवल्या होत्या. भिंतीपलीकडे कनीज उभी होती, कोपर भिंतीवर टेकवून, कामाला हातही न लावता. अलीकडे देवाजी पाटावर बसला होता.

समोर परात होती, आणि परात त्या ट्यूबच्या कड्यात घट्ट रुतलेली, तसूभर हलत नव्हती. आत भिजवलेलं पीठ ओल्या फडक्याखाली झाकून ठेवलेलं. त्याने फडकं काढलं. पीठ फुगून मऊसूत झालं होतं, बोट लावलं तर हळूच वर येत होतं. त्याने डाव्या हाताने लिंबाएवढे नाही, चांगले पेरूएवढे गोळे तोडले.

"आता लाटण्याची आठवणही काढू नका, देवाजीभाऊ," कनीज म्हणाली. "आमच्या अब्बांच्या दुकानात इतकी वर्सं तंदूर चालून राह्यला, एक लाटणं नव्हतं दुकानात. हाताले पाणी लावा, अन् दाबा."

"मालूम आहे न," देवाजी म्हणाला. "पंधरा दिवस झाले, तेच सांगून राह्यली."

त्याने हात पाण्यात बुडवला, गोळा परातीत ठेवला आणि तळव्याच्या टाचेने दाबला. मग बोटांची टोकं. मधून कडेकडे, कडेने गोल, भराभर, पूर्वी तो यंत्राच्या झाकणाचे बोल्ट आवळायचा तसा, समोरासमोरचे, एक इकडचा एक तिकडचा, म्हणजे कुठूनही सारखा दाब यावा. वच्छलाने त्याला असं काम करताना एकदाच पाहिलं होतं, घरच्या पंख्यावर. तो हात उजवा होता. हा डावा. पण अक्कल तीच होती, फक्त हात बदलला होता.

चपटा झालेला गोळा त्याने उचलून पालथ्या हातावर घेतला आणि नुसता लोंबू दिला. आपल्याच वजनाने तो लांब होत गेला. मग शेजारी ठेवलेल्या कापडाच्या गादीवर तो पसरला. जुन्या लुगड्याच्या चिंध्या भरून कनीजने ती गादी शिवून दिली होती. तंदूरवाले तसल्याच गादीवर रोटी घेऊन भट्टीच्या भिंतीला मारतात. वरच्या अंगाला त्याने पाण्याचा हात फिरवला. गादी उचलली आणि थाप! नान तापलेल्या लोखंडी तव्यावर, पाण्याची बाजू खाली. चर्र झालं. वाफ उठली.

"सेकंद मोजा," कनीज म्हणाली.

"मोजायची गरज नाई. पाहून समजते."

वर फोड आले, आधी बारीक, मग चांगले फुगे. वच्छला कोपऱ्याआडून पुढं वाकली. तव्याचा दांडा डाव्या मुठीत धरून त्याने अख्खा तवा नानासकट उलटा केला. नान पडला नाही. पाण्याने तो तव्याला चिकटून बसला होता. उलटा तवा त्याने त्या दोन सळ्यांवर टेकवला आणि हात मोकळा केला. नानाचं तोंड आता निखाऱ्यांकडे होतं. पिठाचा, किंचित करपल्याचा, दह्याच्या आंबूसपणाचा असा एक वास सगळ्या पडवीत भरला. त्याने तवा सरळ केला, उलथन्याने कड सोडवली आणि नान टोपलीत टाकला. वर तपकिरी ठिपके, मधे पांढरा, मऊ.

सगळं मिळून दोन मिनिटंही लागली नव्हती.

"पहिल्या दिवसाचे तीन आठवते?" कनीज हसत म्हणाली. "सीधे निखाऱ्यात!"

"पाणी लावाले विसरलो होतो." देवाजीही हसला. "अन् चवथा काढाले गेलो तर मनगट भाजलं."

"बाईले काय सांगितलं मग?"

"चहा."

वच्छला न्हाणीच्या भिंतीला टेकून उभी होती. तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं, पण रडण्यापेक्षा काहीतरी वेगळंच तिच्या आत होत होतं. तिला त्या माणसाचा अभिमान वाटत होता, इतका की शाळेत जाऊन सगळ्या वर्गांना सांगावं. हा माणूस तिच्या एका वाक्याने पाठ करून बसला होता, आणि त्याच पाठीमागे त्याने हे सगळं उभं केलं. कड्याची फळी, शेगडीच्या सळ्या, तव्याचा लांब दांडा, एकेक अडचण त्याने बिघडलेल्या यंत्रासारखी सोडवली होती.

ती आत गेली नाही. आल्या पावली परत फिरली, पुढच्या दाराशी गेली आणि कडी जोराने वाजवली.

आतून पळापळ झाल्याचा आवाज आला. मग देवाजीने दार उघडलं. त्याच्या कपाळाला पीठ लागलं होतं.

"आज लवकर?"

"नाला आला. गाडी परत फिरली." ती चप्पल काढता काढता म्हणाली, "भूक लागली जी. काय आहे?"

तो मागे गेला आणि ताट घेऊन आला. ताटात वांग्याची भाजी, सकाळची, आणि वर दोन नान, त्यांतून अजून वाफ निघत होती. ताट त्याने एका हाताने तिच्यासमोर ठेवलं आणि समोर उकिडवा बसला, परीक्षेला बसल्यासारखा.

तिने तुकडा मोडला. वरून कुरकुरीत, आतून पदर सुटलेला. तिने चावला, गिळला, दुसरा मोडला.

"कसा झाला?"

खोटं कौतुक त्याला चालणार नाही, हे तिला कळत होतं.

"मीठ थोडं कमी आहे," ती म्हणाली.

देवाजी मोठ्याने हसला. होळीपासून तसा हसला नव्हता. "सांगतो कनीजले. तिनंच सांगितलं होतं चिमूटभर. तिची चिमूट अन् माही चिमूट का एक आहे?"

"मले माफ करा," वच्छला खाली मान घालून म्हणाली. "त्या दिवशी बोलली मी."

"त्या दिवशी खरंच होत नव्हतं," तो म्हणाला. "तू तिसरा खाते का? गरम आणतो."

तिने चार खाल्ले.

ऑक्टोबरच्या पंधरा तारखेला चंद्रपुरातल्या दीक्षाभूमीवर धम्मदीक्षेचा वर्धापन सोहळा असायचा. दरवर्षी देवाजीच्या गावची माणसं त्या निमित्ताने यायची, क्वार्टरात उतरायची, जेवायची आणि मग मैदानावर जायची. त्या वर्षी अठरा जण आले, सिंदेवाहीहून छोट्या रेल्वेने. त्यांत देवाजीचा बाप बापूराव होता. पासष्टीचा, धिप्पाड, आयुष्यभर धानाच्या चिखलात उभा राहिलेला म्हातारा. मुलाचा हात प्लास्टर निघाल्यावर तो पहिल्यांदाच पाहत होता.

शनिवार असल्याने वच्छलाची शाळा सकाळची होती. अठरा माणसांचा स्वयंपाक कसा उरकायचा याच काळजीत ती दुपारी घरी आली, तर पंगत बसलेली होती. पडवीत दोन शेगड्या पेटल्या होत्या, एक घरची, एक कनीजची. कनीज डाळ वाढत होती आणि देवाजी पाटावर बसून एकामागून एक नान काढत होता. थाप, चर्र, उलटा, सरळ, टोपलीत. भात खाणारी ती सगळी माणसं बोटं चाटत होती. "देवाजी, इकडे एक!" "अरे, मले दोन!" अशी हाकाटी चालली होती.

बापूराव मात्र पुढच्या ओट्यावर एकटाच बसला होता. ताट समोर, हात न लावलेलं.

"मामाजी, जेवले नाई?" वच्छलाने विचारलं.

म्हाताऱ्याने मान हलवली. "बाई, डाव्या हाताचं कसं खाऊ? अन् लेकाले चुलीपाशी बसलेलं पाहून घास उतरत नाई." मग थोड्या वेळाने हळूच म्हणाला, "मी त्याले गावाले घेऊन जातो. इथी काय करीन तो? तिथी धुऱ्यावर, बांधावर बसून शेतीवर नजर तरी ठेवीन."

वच्छला खाली ओट्यावर बसली. सासऱ्यासमोर ती फार बोलत नसे. त्या दिवशी बोलली.

"मामाजी, तुमी त्याईचा हात पाह्यला. काम नाई पाह्यलं. धुऱ्यावर बसवाले न्याचं असन तर आधी एकदा पाहून घ्या. मंग तुमी म्हणान तसं."

बापूराव उठला. मागे जाऊन पडवीच्या खांबाला टेकून उभा राहिला. देवाजीने वर पाहिलं नाही. तव्यावर नान होता. म्हाताऱ्याने एक पाहिला, दोन पाहिले. चौथ्या नानाला तो उकिडवा बसला, पाचव्याला शेगडीजवळ सरकला.

"पडत काऊन नाई हा?" त्याने विचारलं.

"पाणी लावतो न बाबा, खालून."

"अन् परात हालत नाई."

"सायकलची ट्यूब आहे."

"कोण केलं हे?"

"मीच."

बापूराव बराच वेळ त्या सळ्यांकडे, फळीकडे, मुलाच्या डाव्या हाताकडे बघत राहिला. मग त्याने टोपलीकडे नाही, थेट तव्याकडे बोट दाखवलं.

"तो दे. तिथला. गरम."

देवाजीने उलथन्याने नान सोडवला आणि बापाच्या हातावर ठेवला. म्हाताऱ्याने तो या हातातून त्या हातात नाचवत, फुंकत, तिथंच बसल्या बसल्या खाल्ला. डाळीची वाट पाहिली नाही.

"लहानपणी यानं धान कापला तव्हा उजव्यानंच कापला," तो कुणाला तरी सांगावं तसं म्हणाला. "डाव्यानं एक काडी कापली नाई." आणि हात पुढे केला. "आणखी एक दे."

गावाला न्यायची गोष्ट पुन्हा निघाली नाही. दुसऱ्या दिवशी वच्छला आणि देवाजी मंडळींना पोचवायला चांदा फोर्ट स्टेशनावर गेले. देवाजीच्या आईसाठी सहा नान धुतल्या दुपट्ट्यात बांधून दिले होते. गाडी सुटायला वेळ होता. खिडकीतून वच्छलाला दिसलं, की बापूरावाने दुपट्टा तिथंच सोडला आणि समोर बसलेल्या अनोळखी माणसाच्या हातावर अर्धा नान ठेवला.

"खाऊन पाहा," तो म्हणत होता. "माह्या लेकानं केला. डाव्या हातानं."

"हे त्याईच्या आईले पुरू द्या मामाजी," वच्छला खिडकीपाशी जाऊन ओरडली, पण इंजिनाच्या शिटीत ते त्याला ऐकू गेलं नाही, किंवा त्याने ऐकलं नाही.

संक्रांतीनंतर देवाजीला केंद्रात पुन्हा हजेरीवर घेतलं, हत्यारांच्या खोलीत, हलक्या कामावर. उजव्या हाताची दोन बोटं तोवर थोडी उघडू लागली होती; बाकीची कधीच उघडली नाहीत. डाव्या हाताने लिहायला तो वच्छलाच्या शाळेच्या पाटीवर शिकला. कोणतं हत्यार कुठल्या खणात ठेवलं म्हणजे एका हाताने काढता येईल, याचा विचार करून त्याने पहिल्या महिन्यातच सगळी खोली नव्याने लावली, आणि मग दोन हातांच्या माणसांनाही तीच रचना सोयीची वाटू लागली. रविवारी मात्र दुपारी बुटक्या भिंतीच्या दोन्ही बाजूंना शेगड्या पेटायच्या. कनीज आणि देवाजीमध्ये कुणाचा नान जास्त फुगतो यावरून भांडण व्हायचं, आणि निकाल द्यायला वच्छलाला बोलावलं जायचं. ती दोघांचेही खायची आणि निकाल पुढच्या रविवारवर टाकायची.